चौथ्या नावाची नटी

इ. स. १९४७ मध्ये अमेरिकेत ‘मिरॅकल ऑन थर्टीफोर्थ स्ट्रीट’ या नावाचा एक बोलपट निघाला. न्यूयॉर्क शहरातील मेसीच्या प्रचंड दुकानात नाताळच्या दिवसांत एक वृद्ध गृहस्थ सांताक्लॉजचे सोंग घेऊन बसला आहे. मुलांना जवळ घ्यावे, कोणते खेळणे हवे ते विचारावे आणि ते शक्य तो याच दुकानातून आईबापांच्या गळ्यात घालावे, एवढ्यासाठी त्यास पगार मिळतो. एका मुलाला आगीचा बंब हवा असतो. दुकाने पालथी घालून पायांचे तुकडे पडलेली त्याची आई म्हाताऱ्यावर चिडते. जी वस्तू कोठेच मिळत नाही ती देण्याचे वचन पोराला कशाला दिलेस, असे त्याला विचारते. म्हातारा शांतपणे दुसऱ्या एका दुकानाचे नाव व बंबाची किंमत तिला सांगून टाकतो. बाई अवाक् होते. एका दुकानदाराने गिऱ्हाइकाला दुसऱ्या दुकानदाराकडे पाठवावे, ही गोष्ट तिच्या आयुष्याच्या हिशेबात कोठे बसतच नाही. पुढे ती तेथल्या व्यवस्थापकाला गाठते आणि आजपासून आपण याच दुकानाचे गिऱ्हाईक झालो, असे त्याला बजावते.

प्रसंग एवढाच, काही मिनिटांचा. बोलपटाच्या आरंभीच्या नामावळीत त्या बाईचे नाव नाही. परंतु सारा बोलपट पाहून घरी परतल्यावर तिची पिशवी, तिचे दुखणारे पाय आणि तिचा तो नाकातून आल्यासारखा घोगरा आवाज आठवत राहतो. ही बाई म्हणजे थेल्मा रिटर. तेव्हा तिचे वय पंचेचाळीस होते. नायिकेच्या भूमिका करणाऱ्या नट्या ज्या वयात चिंतातुर होऊन आरशापुढे बसतात, त्या वयात हिच्या बोलपटातील जीवनास आरंभ झाला.

तिचा जन्म १४ फेब्रुवारी १९०२ चा, न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागातला. अभिनयाचे शिक्षण तिने तेथल्याच अमेरिकन अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्ट्स या संस्थेत रीतसर घेतले. हे मुद्दाम सांगावयाचे कारण असे की, तिचे काम पाहून पुष्कळांची समजूत होते की, ही कोणी रस्त्यावरची बाई उचलून कॅमेऱ्यापुढे उभी केली असावी. फिरत्या नाटक मंडळ्यांतून तिने कामे केली, १९२७ साली जोसेफ मोरान या नटाशी लग्न केले, दोन मुले झाली आणि रंगभूमी सुटली. मोरान पुढे जाहिरातीच्या धंद्यात शिरला. मुले मोठी होऊ लागल्यावर बाईने नभोवाणीवर कामे धरली. तेथे चेहरा लागत नाही, आवाज लागतो, आणि तो तिच्याजवळ होता. वर सांगितलेल्या बोलपटाचा दिग्दर्शक जॉर्ज सीटन हा या कुटुंबाचा स्नेही. त्याने हौसेखातर तिला ते छोटे काम दिले. फॉक्स कंपनीचा सर्वाधिकारी डॅरिल झॅनक याच्या नजरेत ते भरले आणि पुढचा मार्ग खुला झाला.

येथे दुय्यम भूमिका म्हणजे काय, याचा थोडा विचार केला पाहिजे. कारण या शब्दानेच आपली दिशाभूल होते. हॉलिवुडच्या मोठ्या कंपन्या त्या काळी नटनट्यांना सालोसालच्या करारांनी बांधून ठेवीत. नायक-नायिका हे कंपनीचे दागिने. त्यांना जपून वापरावयाचे. परंतु दागिना घालावयास अंग लागते. घरमालकीण, परिचारिका, स्वयंपाकीण, पोलिसाचा शिपाई, भाडोत्री मोटारीचा हाकणारा या पात्रांवाचून कोणतेही कथानक एक पाऊल पुढे जात नाही, आणि ती पात्रे वठविण्यासाठी कसलेल्या नटांचा एक मोठा वर्ग या कंपन्यांच्या आश्रयाने जगत असे. प्रेक्षक त्यांचे चेहरे ओळखीत. नावे विचारल्यास डोके खाजवीत. अकॅडमीची पारितोषिके सुरू झाल्यावरही या वर्गाची आठवण व्हावयास काही वर्षे जावी लागली. १९३६ सालच्या बोलपटांपासून दुय्यम भूमिकांना पारितोषिक मिळू लागले, आणि तेही कसे, तर नायक-नायिकांना सोन्याचा मुलामा दिलेली मूर्ती व यांना नुसती पाटी! १९४४ च्या समारंभापासून यांच्या हाती अखंड मूर्ती पडू लागली. पंगतीत बसवावयाचे, पण पान वेगळे मांडावयाचे, हा प्रकार आमच्या वाचकांस अपरिचित नसावा.

थेल्मा रिटरचे भांडवल तिची भाषा होय. संस्कृत नाटकांत राजा व अमात्य संस्कृत बोलतात, आणि दासी, चेट, विदूषक हे प्राकृत बोलतात. ‘मृच्छकटिका’त तर प्राकृताच्या किती तरी तऱ्हा ऐकावयास मिळतात. अमेरिकन बोलपटालाही स्वतःचे एक संस्कृत होते. त्याच्या नायिका विलायती वळणाची, घासूनपुसून लखलखीत केलेली इंग्रजी बोलत. ती इंग्रजी अमेरिकेतल्या कोणत्याही गावी ऐकावयास मिळत नसे. रिटर मात्र ब्रुकलिनची प्राकृत बोले. शब्दांची शेवटची अक्षरे गिळावयाची, स्वर लांबवावयाचे आणि वाक्याचा शेवट दार आपटल्यासारखा करावयाचा, ही तिची ढब. तिने ती कोठून शिकून आणली नव्हती; ती तिच्या गल्लीतलीच होती. शिकलेली गोष्ट वेगळी होती. हशा पिकविणारे वाक्य जोरात न फेकता दुसरे काही काम करता करता, जणू सहज तोंडातून निसटले अशा रीतीने टाकावयाचे, हे ते शिक्षण. चादर झटकताना, पाठ चोळताना, भांडी मांडताना ती बोलते. तिचे हात कधीच रिकामे नसतात. ज्या वर्गाची ती पात्रे, त्या वर्गाला बोलण्यासाठी वेगळा वेळ मिळत नाही, हे तिने ओळखले होते.

१९४९ साली जोसेफ मॅन्किविच या लेखक-दिग्दर्शकाच्या ‘अ लेटर टू थ्री वाइव्ह्ज’ या बोलपटात तिने सेडी नावाच्या मोलकरणीचे काम केले. नामावळीत याही खेपेस नाव नव्हतेच. पण मॅन्किविचच्या कानात तो आवाज राहिला असला पाहिजे. पुढच्याच वर्षी त्याने ‘ऑल अबाउट ईव्ह’ काढला, आणि त्यातील बर्डी या भूमिकेसाठी तिला घेतले.

हा बोलपट नाटकवाल्यांच्या जगाचा आहे. मार्गो चॅनिंग ही उतरत्या वयाची विख्यात नटी (हे काम बेट डेव्हिसने केले आहे) आणि तिची सेवा करण्याच्या मिषाने घरात शिरलेली ईव्ह ही तरुणी, यांची ती कथा. बर्डी ही मार्गोची जुनी सोबतीण. पूर्वी व्हॉडव्हिलमध्ये, म्हणजे नाचगाणी, नकला व कसरती यांच्या मिसळीच्या खेळांत, तिने काम केलेले. आता मार्गोचे कपडे, तिचे जेवण व तिचा राग सांभाळते. ईव्ह प्रथम येते ती आपली करुण कहाणी सांगते: दारिद्र्य, लग्न, युद्धात पडलेला नवरा. खोलीतली सारी थोर मंडळी, नाटककार, त्याची पत्नी आणि स्वतः मार्गो, गहिवरून गप्प होतात. तेवढ्यात बर्डी बोलते. या गोष्टीत सारे काही आले, फक्त मागे लागलेली शिकारी कुत्री तेवढी राहिली, अशा अर्थाचा शेरा ती मारते. ‘अंकल टॉम्स केबिन’च्या गावोगाव फिरणाऱ्या नाट्यप्रयोगांत पळून जाणाऱ्या दासीमागे खरोखरीची कुत्री सोडीत, त्या भडक खेळांची आठवण तिच्या शेऱ्यात आहे. सांगावयाचे ते असे की, तिने पहिल्या पाच मिनिटांत ओळखले की हे दुःख नसून नाटक आहे. आणि ओळखावे तिनेच! खोलीतल्या इतरांनी उत्तम नाटके लिहिली व केली होती. हिने वाईट नाटके जवळून पाहिली होती. मार्गो तिला सर्वांदेखत झिडकारते, तिच्या जुन्या धंद्याचा उल्लेख करून पाणउतारा करते, आणि बर्डी ईव्हची माफी मागते. तो माफीचा क्षण आम्हांस फार मोलाचा वाटतो. रिटर तेथे रागावत नाही, रडवेलीही होत नाही. आपले बोलणेच असे आहे, मनावर घेऊ नये, एवढेच ती म्हणते. तिचा चेहरा पाहून कळते की असली माफी तिने पूर्वी शंभरदा मागितली आहे, आणि तिचे मत काडीमात्र बदललेले नाही.

पुढे मार्गो तिला विचारते, ईव्ह तुला आवडत नाही ना? तेव्हा ती जे उत्तर देते त्यात बोलपटाचे सारे कथानक आहे: ती मुलगी तुमचा अभ्यास करते आहे, तुम्ही चालता कशा, बोलता कशा, खाता कशा, हे एखादे पुस्तक वाचावे तसे वाचते आहे. मार्गोला राग येतो, पण काटा रुतून बसतो. आणि मग एक विलक्षण गोष्ट घडते. मार्गोच्या घरच्या मेजवानीनंतर बर्डी दिसेनाशी होते. ती गेली कोठे, तिला कोणी काढून टाकले काय, याबद्दल एक अक्षर नाही. ईव्हचे कारस्थान उघडकीस येते, मार्गो लग्नाचा निर्णय घेते, सर्वांचे हिशेब चुकते होतात; परंतु जिने पहिल्या दिवशी खरे सांगितले तिच्याकडे येऊन ‘तुझे बरोबर होते’ असे म्हणण्याची कोणास आठवण होत नाही. मॅन्किविचसारख्या सावध लेखकाने हे जाणूनबुजून केले, असे आम्हांस म्हणवत नाही. कथानकाला तिची गरज संपली, एवढेच. मालकांच्या घरातही असेच घडते. म्हणून कदाचित प्रेक्षकांनाही ते खटकत नाही.

या बोलपटास अकॅडमीचे चौदा नामनिर्देश मिळाले. त्यांत रिटर एक होती. पारितोषिक ‘हार्वे’ या बोलपटातील जोसेफिन हल हिला गेले.

पुढच्या वर्षीचा ‘द मेटिंग सीझन’ हा बोलपट कलेच्या दृष्टीने ‘ईव्ह’च्या जवळपासही जाणारा नव्हे, तथापि आमच्या विषयाला तो अधिक लागू आहे. न्यू जर्सीत खाण्याच्या पदार्थांचे एक लहानसे दुकान चालविणारी विधवा एलन मॅकनल्टी. दुकान कर्जापायी जाते आणि ती मुलाकडे निघते. मुलाने नुकतेच एका राजदूताच्या मुलीशी लग्न केलेले असते. सासू दाराशी येते तेव्हा घरात मेजवानीची धांदल. सून तिला पूर्वी न पाहिल्यामुळे ही आपण मागविलेली स्वयंपाकीण, असे समजते. आणि एलन तो गैरसमज दूर न करता अंगरखा काढून चुलीपाशी उभी राहते. मुलाच्या घरी आई म्हणून राहिले तर त्याची पंचाईत, स्वयंपाकीण म्हणून राहिले तर सगळ्यांची सोय! विनोदी बोलपट म्हणून तो लिहिला आहे, आणि हसूही पुष्कळ येते. पण मुलाला स्वतःच्या आईकडून वाढून घ्यावे लागते ते प्रसंग पाहताना आमचे हसू अर्ध्यावर थांबले. कथानकाचा सारा भार रिटरच्या खांद्यावर आहे. असे असूनही नामावळीत जीन टियर्नी, जॉन लंड व मिरियम हॉपकिन्स यांच्या मागून तिचे नाव येते. नामनिर्देश झाला तोही दुय्यम भूमिकेसाठी. त्याच वर्षी जॉर्ज क्यूकरच्या ‘द मॉडेल अँड द मॅरेज ब्रोकर’ मध्ये तिने लग्ने जुळविणाऱ्या बाईचे काम केले. ती गोष्ट त्या बाईचीच आहे, पण तेथेही दोन तरुण नावे तिच्या आधी. तरुण चेहऱ्यावाचून तिकिटे खपत नाहीत असा मालकांचा हिशेब होता, आणि त्या हिशेबात ती नेहमी तिसरी किंवा चौथी येई.

एक गोष्ट मात्र न्यायाने सांगितली पाहिजे. मालकिणीला तोंडावर खरे सुनावणारी दासी पडद्यावर उभी करण्याची मोकळीक रिटरला मिळाली, ती तिच्या गोऱ्या कातडीमुळेही मिळाली. तिच्या आधीची दोन दशके अमेरिकन बोलपटांतील दासीची कामे बहुधा काळ्या नट्यांच्या वाट्यास येत. हॅटी मॅक्डॅनियल हिला ‘गॉन विथ द विंड’ बद्दल २९ फेब्रुवारी १९४० रोजी याच दुय्यम भूमिकेचे पारितोषिक मिळाले. ते मिळविणारी ती पहिली काळी व्यक्ती. परंतु समारंभ ज्या हॉटेलात होता तेथे तिला आपल्या सहकाऱ्यांच्या मेजावर बसू दिले नाही. बाजूला वेगळे मेज मांडले होते. तिच्यासारख्या नट्यांनाही डोळे होते आणि मालकिणीविषयी मते होती. मिळेल त्या फटीतून त्यांनी ती दाखविलीही. परंतु दार उघडून आत येऊन बोलण्याची सोय त्यांना नव्हती.

१९५४ साली हिचकॉकच्या ‘रिअर विंडो’ मध्ये रिटर विमा कंपनीने पाठविलेली परिचारिका झाली. पाय मोडून खुर्चीत पडलेला एक छायाचित्रकार वेळ जात नाही म्हणून समोरच्या घरांच्या खिडक्यांतून लोकांचे संसार पाहत बसतो. ही स्टेला सकाळी येते, त्याची पाठ रगडते आणि त्याला फैलावर घेते: लोकांच्या घरात डोकावण्यापेक्षा बाहेर उभे राहून स्वतःच्या घरात डोकावून पाहा. स्वतःच्या शहाणपणाचा पुरावा म्हणून ती सांगते की, १९२९ चा आर्थिक कोसळ आपण आधीच ओळखला होता. एका मोठ्या मोटार कंपनीच्या संचालकाची शुश्रूषा करीत असताना त्याच्या न्हाणीघराच्या खेपा मोजून! डॉक्टर मूत्रपिंडाचा विकार म्हणत होते, हिने धास्ती ओळखली. पुढे मात्र समोरच्या घरात खून झाल्याचा वास येताच हीच नीतिवादी बाई दुर्बीण मागते, आणि शेवटी अंगणात उतरून फुलांचा ताटवा खणू लागते. उपदेश आणि कुतूहल ही दोन्ही एकाच माणसात सुखाने नांदतात हे तिने ज्या सहजतेने दाखविले आहे, त्यापुढे हिचकॉकची सारी यंत्रसामग्री आम्हांस क्षणभर विसरावयास झाली.

१९५० ते १९५३ अशी सलग चार वर्षे, नंतर १९५९ व १९६२, मिळून सहा वेळा तिचा नामनिर्देश झाला आणि साही वेळा पारितोषिक दुसरीकडे गेले. पराभवाचे तिला किती वाटे, याविषयी तर्क करीत बसण्यात अर्थ नाही. १९५५ च्या समारंभात न्यूयॉर्ककडील बाजूचे सूत्रसंचालन मात्र तिच्याकडे होते. घरचे लग्न म्हणून राबावयाचे आणि बोहल्यावर दुसरीने चढावयाचे, असा तो प्रकार. गमतीची गोष्ट अशी की, रंगभूमीने तिला हा भेद लावला नाही. १९५७ साली यूजीन ओनीलच्या ‘अ‍ॅना ख्रिस्टी’ वरून रचलेल्या ‘न्यू गर्ल इन टाउन’ या संगीत नाटकात तिने मार्थी या दारुड्या म्हातारीचे काम केले, आणि १९५८ चे टोनी पारितोषिक त्या नाटकाची नायिका ग्वेन व्हर्डन हिच्याबरोबर तिला विभागून मिळाले. ते प्रमुख भूमिकेचे पारितोषिक होते.

दूरचित्रवाणीचेही तसेच. १९५५ साली पॅडी चायेफ्स्कीच्या ‘द केटर्ड अफेअर’ या दूरचित्रवाणीवरील नाटकात मुलीच्या लग्नात ऐपतीबाहेर खर्च करण्याचा हट्ट धरणाऱ्या ब्राँक्समधल्या गरीब आईचे मुख्य काम रिटरने केले. पुढच्या वर्षी त्यावर बोलपट निघाला, तेव्हा ते काम कोणाला गेले? बेट डेव्हिसला! सहा वर्षांपूर्वी पडद्यावर जी मालकीण होती, तिने आता बर्डीची ओढणी अंगावर घेतली. बेट डेव्हिस थोर नटी, तिने मेहनतही केली. पण गरिबी तिला घालावी लागते आणि रिटरला ती काढावी लागत नाही, हा फरक कसा लपणार?

हा काळच पालटत होता. १९४८ च्या मे महिन्यात अमेरिकेच्या वरिष्ठ न्यायालयाने बोलपट कंपन्यांच्या चित्रगृहांवरील मक्तेदारीविरुद्ध निकाल दिला. पाठोपाठ घरोघर दूरचित्रवाणी आली. वर्षाकाठी निघणारे बोलपट कमी झाले, करारांची पद्धत मोडली, आणि त्या पद्धतीच्या सावलीत वाढलेला हा गुणी वर्ग पांगला. रिटरची चलती आली ती या आश्रयाच्या अखेरच्या दिवसांत. पुढच्या कामांचा नुसता उल्लेख पुरे: ‘पिलो टॉक’ मधली सदा नशेत असलेली मोलकरीण, आर्थर मिलरने लिहिलेल्या ‘द मिसफिट्स’ मधली रेनोची घरमालकीण. ‘बर्डमॅन ऑफ अल्कट्राझ’ (१९६२) मात्र वेगळा. जन्मठेपेच्या एकांतकोठडीत पक्षी पाळून त्यांच्या रोगांचा अभ्यास करणाऱ्या रॉबर्ट स्ट्राउड या खऱ्या कैद्याची ती कथा (पक्षी त्याने लेव्हनवर्थच्या तुरुंगात पाळले, अल्कट्राझमध्ये नव्हे, पण नाव खपले ते अल्कट्राझचे). मुलाची फाशी टळावी म्हणून अध्यक्ष विल्सनपर्यंत पोहोचलेली आणि पुढे त्याच मुलाचे लग्न सहन न होऊन त्याच्याकडे पाठ फिरविणारी आई रिटरने उभी केली. येथे विनोद नाही, मायेचा ओलावाही नाही. आपला कैदी आपल्याच ताब्यात राहावा अशी एक भयंकर माया आहे. जिला सारे ‘प्रेमळ खाष्ट म्हातारी’ म्हणून ओळखत होते तिच्या अंगी हेही होते. ५ फेब्रुवारी १९६९ रोजी, सदुसष्टाव्या वाढदिवसाला नऊ दिवस उरले असता, न्यूयॉर्क येथे ती वारली.

तिचे सर्वांत मोठे काम आम्ही मागे ठेवले आहे. १९५३ सालच्या सॅम्युएल फुलरच्या ‘पिकअप ऑन साउथ स्ट्रीट’ मध्ये ती मो विल्यम्स झाली आहे. मो गळपट्टे विकते. खरा धंदा पोलिसांना खिसेकापूंची बातमी देण्याचा. खिसा कसा कापला ते ऐकून कापणाऱ्याचे नाव ती सांगते, आणि नावाचा भाव भाजीसारखा घासाघीस करून ठरविते. हे पैसे ती साठविते ते स्वतःच्या मरणासाठी: लाँग आयलंडवरच्या चांगल्या स्मशानात जागा आणि वर एक दगड. न्यूयॉर्कात बेवारशी प्रेते १८६९ पासून हार्ट बेटावर नेऊन चरात पुरीत. आपली गत तशी होऊ नये, एवढीच तिची महत्त्वाकांक्षा. जगताना तिला कोठेच जागा नव्हती, निदान मेल्यावर साडेतीन हात तरी नावाची असावी! स्किप हा खिसेकापू तिला मुलासारखा. त्याचेही नाव ती पोलिसांना विकते, आणि तोही रागावत नाही, तिला जेवावयास नको काय, असे म्हणतो. परंतु एक रात्र अशी येते की, परक्या राष्ट्राचा हस्तक पिस्तूल घेऊन तिच्या खोलीत उभा राहतो आणि स्किपचा पत्ता मागतो. (फ्रान्समध्ये हा बोलपट दाखविताना हे हेर बदलून मादक द्रव्यांचे व्यापारी केले होते; मोच्या प्रसंगाला त्याने यत्किंचितही बाध आला नाही, यावरून त्या राजकारणाची किंमत कळते.)

ती दिवसभर पायपीट करून आली आहे. ग्रामोफोनवर तबकडी लावलेली आहे. ती पलंगावर टेकून सांगते की, मी थकले आहे. घड्याळासारखी चालत होते, आता किल्ली उतरली. पैसे नकोत, पत्ता मिळणार नाही. आयुष्यभर ज्या मालाचा व्यापार केला तो माल ती एकदाच विकण्यास नकार देते, आणि तेही आवाज न चढविता, पायांतले जोडे काढावेत तितक्या साधेपणाने. रिटरच्या चेहऱ्यावर त्या वेळी शौर्याचा मागमूस नाही. कॅमेरा हळूच तिच्यावरून सरकून ग्रामोफोनकडे वळतो, गोळीचा आवाज येतो, आणि संपलेल्या तबकडीवर सुई घासत राहते.

पुढच्या प्रसंगात बेवारशी प्रेतांच्या पेट्या भरलेली नाव बेटाकडे निघालेली असते. स्किप तिच्यावर चढतो, मोच्या नावाची पेटी शोधून काढतो आणि खाली उतरवून घेतो. त्या वर्षीचे दुय्यम भूमिकेचे पारितोषिक ‘फ्रॉम हिअर टू इटर्निटी’ बद्दल डॉना रीड हिला मिळाले.